शाहीनआपा आणि फुकटचं सॉफ्टवेअर

शाहीनआपा अनोळखी माणसाला चहा द्यायच्या, पण आपल्या संगणकाशेजारची खुर्ची कधी द्यायच्या नाहीत. "तिकडं पंख्याखाली बसा. इथून स्क्रीन दिसते," असं तोंडावर सांगायच्या. वसमतच्या आमच्या हळद उत्पादकांच्या कंपनीत मी व्यवस्थापक होतो; संगणकाचं सगळं त्या सांभाळायच्या.

एकदा नव्या हळदीचे नमुने तयार झाले. देशभरातल्या खरेदीदारांना एकदम ईमेल पाठवायचे होते. ओळखीच्या एका व्यापाऱ्याने त्यासाठी फुकटचं सॉफ्टवेअर पाठवलं. मी खूश. आपांनी मात्र ते आमच्या संगणकावर घ्यायला साफ नकार दिला.

"सर, हे बनवलं कुणी? ना गाव, ना फोन. अन् फुकट काहून देऊन राहिलेत?"

"अहो, तो व्यापारी वापरतोय की!"

"ते वापरून राहिले म्हणून आपण तपासायचं न्हाई का? दोन दिवस द्या."

चिडलो, पण दिले. कोपऱ्यातल्या जुन्या, रिकाम्या संगणकाला त्यांनी स्वतःच्या मोबाइलचं इंटरनेट जोडलं. सॉफ्टवेअरने आधी अँटिव्हायरस बंद करायला सांगितलं, मग ईमेलचा पासवर्ड मागितला. आपांनी त्यासाठीच उघडलेल्या नव्या खात्याचा दिला. यादीत पाच पत्ते घातले, तेही त्याच दिवशी तयार केलेले.

तिसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी मला बोलावलं. पाचही पत्त्यांवर लॉटरीच्या मेल येऊन पडल्या होत्या. नव्या खात्यातून तर आम्ही न लिहिलेली पत्रं भलत्याच लोकांना गेली होती.

"हे पत्ते मला अन् अल्लाला ठाऊक होते, सर. तिसरं हेच."

तिथे आमची खरी यादी घातली असती तर! आमची यादी सहा वर्षं गावोगाव हिंडून जमवलेली होती. आपा तोवर त्या व्यापाऱ्याला फोन लावून मोकळ्या झाल्या होत्या. "भाऊ, दुसऱ्या संगणकावरून आधी पासवर्ड बदला. घाबरायचं मागून." तोही वेळेत सावरला. आमची पत्रं चौकशी करून घेतलेल्या दुसऱ्या ईमेल-सेवेतून गेली, आठवडाभर उशिरा. पहिलं उत्तर आलं तेव्हा कुठे माझा जीव भांड्यात पडला.

गेल्या वर्षी नवऱ्याच्या बदलीमुळे आपा नोकरी सोडून निघाल्या. निरोपाच्या दिवशी त्यांनी मला संगणकापुढे बसवलं.

"सगळे पासवर्ड बदला. मी आता बाहेरची."

"तुमच्यावर विश्वास आहे, आपा."

"म्हणूनच सांगून राहिले."

त्या भिंतीकडे तोंड करून उभ्या राहिल्या. मी एकेक पासवर्ड बदलला. "झालं," म्हणालो. त्या वळल्या, मनापासून हसल्या.

"चला, सुटले मी!"