समुद्रातला चौकोन

कॉफीखान्यात खमैसकाकांची जागा ठरलेली होती. कोपऱ्यात, भिंतीला पाठ लावून, जिथून दार आणि रस्ता दोन्ही दिसतात. शकुब्बा या पत्त्यांच्या खेळाचा डाव रंगला की पत्ता कोण दडवतोय ते त्यांना खेळणाऱ्यांच्याही आधी कळे. निदान कळलंय असं त्यांना वाटे. मालक मुंजीनं चहाचा पेला पुढे ठेवला की ते आधी पेल्याकडे बघत, मग मुंजीकडे.

“पुदिना कालचा दिसतोय.”

“आजचा आहे, अम् खमैस. रोपाला विचारून तोडलाय.” अम् म्हणजे काका, अताया गावात लहानथोर सगळे त्यांना तसंच म्हणत.

“रोप काय, तुझ्याच बाजूनं बोलणार.”

यात दुष्टपणा नव्हता. काकांनी कधी कुणाचं वाईट चिंतलं नाही. फक्त समोरचा माणूस जे बोलतो त्याच्या मागे आणखी काहीतरी असणार, अशी त्यांची पक्की समजूत होती. त्यांची बायको साल्हा होती तोवर हसून म्हणायची, “ह्यांचा भरवसा फक्त ओहोटीवर. आणि तीसुद्धा खरंच लागली का, ते हे किनाऱ्यावर जाऊन बघून येतात.”

ट्युनिशियाच्या किनाऱ्याजवळच्या आमच्या करकेना बेटांचा समुद्र उथळ. कमरेएवढ्या पाण्यात माणूस किती तरी लांब चालत जातो. म्हणून आमच्याकडे जमिनीला असतो तसा समुद्रालाही मालक असतो. आपापल्या हद्दीत खजुरीच्या झावळ्या तळाच्या चिखलात रोवून लांबलचक कुंपण उभं करायचं, त्याला शर्फिया म्हणतात. ओहोटीबरोबर परतणारे मासे कुंपणाच्या कडेकडेनं जातात आणि टोकाच्या पिंजऱ्यात शिरतात. उन्हाळ्यापर्यंत लाटा कुंपण खाऊन टाकतात आणि उन्हाळा सरला की ते पुन्हा नव्यानं घालायचं. खमैसकाकांची हद्द गावाबाहेरच्या खडकाळ टोकासमोर होती, आजोबांपासूनची. त्यांच्या घरात रीत अशी, की मोसमाची पहिली झावळी ज्याच्या हातानं रोवली जाते, ती हद्द त्याची. एका वर्षी वडिलांनी ती झावळी खमैसच्या हाती दिली आणि त्या दिवसापासून, हयात असेपर्यंत, त्या पाण्याबद्दल मुलाला एका शब्दानंही काही सुचवलं नाही.

आता काकांचे गुडघे गार पाण्यात आखडत. झावळी दुसऱ्याच्या हाती देण्याची वेळ आली होती. मुलगा फ्रान्समध्ये मार्सेयला जाऊन तिथलाच झाला होता. पुतण्या तिजानी दर शुक्रवारी नमाजानंतर काकांची चौकशी करायला येई. तो गुडघ्यांची चौकशी करी. काकांना ती हद्दीची वाटे. आणि घरात होती यमीना, त्यांची मुलगी, टपाल कचेरीत नोकरी करणारी, लग्न मोडून माहेरी परतलेली. वसंतात एकदा जवाच्या पेजेत वाळवलेल्या ऑक्टोपसचे तुकडे टाकता टाकता ती म्हणाली होती, “बाबा, या वर्षी शर्फिया मी घालीन.”

“बघू,” काका म्हणाले होते. अख्खा उन्हाळा ते बघतच होते.

त्याच उन्हाळ्यात पांढऱ्या सदऱ्यातला एक माणूस समोरच्या किनाऱ्यावरच्या स्फाक्स शहराहून फेरीबोटीनं आला, तिपाईवर यंत्र ठेवून किनारा मोजून गेला. कुणी म्हणालं सरकारी, कुणी म्हणालं हॉटेलवाला. काकांनी त्याच्या बुटांकडे पाहिलं आणि हॉटेलवाला ठरवला.

एका दुपारी, गाव झोपलेलं असताना, त्यांना यमीनाच्या खोलीतून बोलणं ऐकू आलं. दार किलकिलं होतं. काकांनी चपला हातात घेतल्या.

यमीना कानाला यंत्र लावून कॉम्प्युटरसमोर बसली होती. “ऐक ना, आधी हा किनारा मोकळा करू,” ती कुणाला तरी सांगत होती. “हॉटेल उभं राहिलं की टुरिस्ट आपोआप येतात. म्हातारा? म्हाताऱ्याचीच तर कटकट आहे. त्याला मागे गल्लीत हलवते. तिथून ओरडला तरी कुणाला ऐकू जात नाही.”

आणि ती हसली.

काकांची नजर पडद्यावर गेली. निळं पाणी, वळणारा किनारा, खडकाळ टोक. त्यांच्याच गावाबाहेरचं टोक! आणि पाण्यावर आखलेल्या बारीक रेघा, चौकोनच चौकोन. दुसऱ्या कुठल्या गावचा माणूस असता तर त्याला ती नक्षी वाटली असती. पण समुद्रावर रेघा ओढल्या की त्या कुणाच्या तरी हद्दी असतात, हे करकेनाच्या माणसाला सांगावं लागत नाही. टोकासमोरच्या चौकोनात एक लांब पांढरा धक्का उभा होता, त्यावर रंगीत छत्र्या, आणि छत्र्यांखाली इवलीइवली माणसं लोळत होती. चौकोन काकांचा होता.

ते तसेच मागे सरले आणि थेट कॉफीखान्यात येऊन बसले. मुंजीला त्यांनी खालच्या आवाजात सगळं सांगितलं.

“अहो, टपालाचे शिक्के मारणारी पोरगी हॉटेल कशाला बांधेल?” मुंजी म्हणाला.

“बांधत नाही. बांधणाऱ्यांना नकाशे देते. घरचंच माणूस लागतं त्यांना.”

शेजारच्या टेबलावरून तिजानीनं मान वळवली. “काका, हल्ली सगळे व्यवहार कॉम्प्युटरवरच होतात. आपण इथे चहा पीत बसतो आणि तिकडे समुद्र विकला जातो. मी आपला साधा माणूस, मला ते कॉम्प्युटर वगैरे येतसुद्धा नाही.”

“तुला पत्ते पिसता येतात ना? मग सगळं येतं,” काका म्हणाले. तिजानीवरही त्यांचा विश्वास नव्हताच. पण त्याचं वाक्य मात्र डोक्यात रुतून बसलं.

यमीनाला सरळ विचारावं, हे त्यांच्या मनात आलंच नाही. विचारलं तर ती उत्तर देईल, आणि मग त्या उत्तरामागे काय आहे ते शोधावं लागेल. त्यापेक्षा परीक्षा घ्यावी. जेवताना त्यांनी भाकरी मोडली आणि तिच्या चेहऱ्यावर नजर ठेवून म्हणाले, “मी म्हणतोय, टोकासमोरची हद्द विकून टाकावी. त्या हॉटेलवाल्याला.”

यमीनाचा चमचा वाडग्याच्या काठावर थांबला. तिनं बापाकडे पाहिलं, मग वाडग्याकडे.

“तुमची हद्द आहे, बाबा,” ती म्हणाली, आणि भांडी उचलून आत गेली.

भांडली नाही, रडली नाही, कारणसुद्धा विचारलं नाही. म्हणजे आतून आनंदाच्या उकळ्या फुटत असणार, असं काकांनी ठरवलं. त्या दिवसापासून बापलेकीत कामापुरतं बोलणं उरलं. काका तिच्या येण्याजाण्यावर लक्ष ठेवू लागले. ती कुंपणाशी उभी राहून मोबाइलवर बोलली की त्यांना अंगणातल्या लिंबाची पानं तपासायचं काम निघे.

काही दिवसांनी ती म्हणाली, “स्फाक्सच्या मोठ्या कचेरीत जागा आहे. पूर्वी दोनदा विचारलं होतं, मी नाही म्हटलं. आता जाते. उद्या सही करायला बोलावलंय. पहिले काही दिवस ओल्फाकडे राहीन.”

“कोण ओल्फा?”

“मैत्रीण. तुम्हाला नाही माहीत.”

“मला काय काय नाही माहीत, ते मला चांगलं माहीत आहे,” काका म्हणाले.

ती बॅग भरायला आत गेली.

सकाळी ती बॅग घेऊन गाडीत बसली तेव्हा काका दारात आले नाहीत. खिडकीच्या फटीतून मात्र त्यांनी गाडी वळेपर्यंत पाहिली. मग करमेना म्हणून झावळ्यांची व्यवस्था बघायला मबरूकाच्या वाडीवर गेले. मबरूका साल्हाची जुनी मैत्रीण. तिच्या खजुरी साऱ्या गावात उंच आणि जीभ त्याहून लांब.

“आता कशाला आलास?” तिनं कोयता खाली न ठेवताच विचारलं. “तुझ्या लेकीनं सांगितलेल्या झावळ्या मी दुसऱ्याला देऊन टाकल्या.”

“लेकीनं? कधी सांगितल्या होत्या?”

“उन्हाळा लागायच्या आधी. स्वतः येऊन एकेक झाड निवडून गेली. म्हणे, मावशी, चांगल्या लांब ठेव, या वर्षी मी घालणार आहे. परवा आली ती डोळे सुजवून. म्हणे, नको आता, बाबा हद्द विकतायत. लाज नाही वाटत रे? साल्हा असती तर तुला त्या शर्फियातच कोंडलं असतं.”

काका तिथेच एका ओंडक्यावर बसले. सवयीनं त्यांनी या बोलण्यामागचं ‘आणखी काहीतरी’ शोधायला सुरुवात केली. जिला समुद्रात हॉटेल हवंय, ती झावळ्या कशाला निवडेल? बापाला फसवायला? पण बापाला तर तिनं हे कळूच दिलं नव्हतं. पुन्हा पुन्हा उलटसुलट करून पाहिलं, आणि दर वेळी फिरून संशय एकाच माणसावर येऊ लागला. तो माणूस ओंडक्यावर बसला होता.

मुंजीच्या टेम्पोतून ते सिदी युसूफ बंदरावर पोहोचले तेव्हा फेरीचा दरवाजा वर उचलला जात होता. काका हात हलवत, लंगडत, आरडाओरडा करत आत शिरले. यमीना वरच्या बाकावर होती. बापाला बघून ती दचकून उठली.

“काय झालं? बरं वाटत नाही का?”

“म्हातारा कोण?” काकांनी धापा टाकत विचारलं.

“कोण म्हातारा?”

“ज्याला तू गल्लीत हलवणार होतीस तो. मी ऐकलंय. आणि चौकोनही पाहिलाय. माझ्या पाण्यावर छत्र्या लावल्यायस तू.”

यमीना त्यांच्याकडे बघत राहिली. मग तिच्या चेहऱ्यावर आधी हसू आलं आणि लगेच दुसरंच काहीतरी. तिनं मोबाइल काढला, उघडला आणि त्यांच्या हातात दिला. “हे ना? हा खेळ आहे, बाबा. बेट घ्यायचं, त्यावर शहर वसवायचं, टुरिस्ट आणायचे. ओल्फा नि मी मिळून खेळतो. मी आपलं टोक घेतलं, कारण तिथलं प्रत्येक वळण मला पाठ आहे.”

काकांनी मोबाइल दूर धरून पाहिला, जवळ आणून पाहिला, उलटा करून पाठही पाहिली. “मग हा हॉटेलवाला यात कुठे आहे?”

“हॉटेलवाली मीच.”

“आणि म्हातारा?”

ती जरा घुटमळली. “दीपस्तंभाचा राखणदार आहे एक. गोंगाट झाला की तक्रार करतो, मग टुरिस्ट कमी होतात. त्याला नाव द्यावं लागतं. मी तुमचं दिलंय.”

“गल्लीत टाकलंस मला?”

“तिथूनही ओरडताच आहात.”

काकांच्या मिशा हलल्या, पण ते हसले नाहीत. “आणि शर्फिया? ती कुठाय?”

“काढली. ती ठेवली की धक्का बांधायला जागा उरत नाही.”

“म्हणजे काढलीसच!”

“खेळात, बाबा!” तिचा आवाज चढला. समोरच्या बाकावरच्या बाईनं टोपलीतल्या कोंबडीसकट मान वळवली. “मी खेळात काढली, तर तुम्ही चोरून ऐकलंत. आणि तुम्ही खरीखुरी विकायला निघालात, तर मी तोंडातून शब्द काढला नाही.”

“का नाही काढलास? भांडायचंस ना!”

“भांडले असते तर म्हणाला असतात, एवढी का भांडते, काहीतरी लपवतेय. गप्प बसले तर म्हणालात, मनात काहीतरी आहे. तुमच्यासमोर माणसानं चेहरा तरी कसा ठेवायचा, ते एकदा सांगा मला.”

फेरीच्या इंजिनाची धडधड बाकातून वर येत होती. काकांनी मोबाइल तिला परत दिला. “मी विकत नाहीये,” ते म्हणाले. “तुझा चेहरा बघायचा होता.”

“बघितलात?”

“बघितला. वाचला मात्र चुकीचा.”

स्फाक्सचं बंदर जवळ आलं, लोक गाड्यांकडे उतरू लागले. तिनं बॅग काकांच्या पायाशी ठेवली. “इथे बसा. मी कचेरीत जाऊन येते.”

“सही करायला?”

“आल्यावर सांगेन.”

काका बंदरावरच्या सावलीत बॅगेशेजारी बसले. ती येणार नाही, असं त्यांना वाटू लागलं. बॅग मुद्दाम ठेवलीय, म्हणजे म्हातारा जागेवरून हलणार नाही. बॅगेत दगड असतील. बॅगेच्या चेनकडे हात गेला तोच त्यांनी तो मागे घेऊन दुसऱ्या हाताखाली दाबून धरला. परतीच्या फेरीत गाड्या चढू लागल्या. हात तसाच दाबलेला होता.

यमीना आली ती कागदात गुंडाळलेले दोन गरम पाव घेऊन, ट्यूना मासा आणि हरीसाची तिखट लाल चटणी भरलेले. एक त्यांना दिला.

“काय म्हणाले कचेरीत?”

“म्हणाले, तिसऱ्यांदा नाही म्हणतेस, आता पुन्हा विचारणार नाही. तिकडे बेटावर एवढं काय आहे?”

“मग?”

“म्हटलं, कुंपण घालायचं राहिलंय.”

काका पाव खाऊ लागले. हरीसा जास्त झाला होता. ते तसं म्हणाले नाहीत.

मबरूकानं दुसऱ्याला दिलेल्या झावळ्या परत मिळवायला तिच्या बऱ्याच शिव्या खाव्या लागल्या. वारा पडल्यावर, सकाळच्या ओहोटीला, बापलेक टोकासमोर उतरले. काका होडी धरून उभे राहिले आणि त्यांनी एक झावळी उचलून यमीनाच्या हाती दिली. तिनं ती चिखलात दाबली, दोन्ही हातांनी हलवून घट्ट केली. झावळी थोडी कललेली होती. काकांनी तोंड उघडलं, आणि मिटलं.

तेवढ्यात तिजानी पाणी तुडवत आला. “काका, अहो, टोकापासून इतक्या आत सुरुवात केलीत? बाहेरच्या अंगानं घ्यायला हवी होती. माझा हिस्सा नसला तरी सांगतो, कुंपण जरा सरकवा.”

खमैसकाकांनी होडीचा दोर हाताभोवती गुंडाळला.

“मला काय सांगतोस?” ते म्हणाले. “हद्द यमीनाची आहे. तिला विचार.”