वाढवून मारलेली वेल

शिंगाड्याची वेल लावायची तर गळ्याएवढ्या पाण्यात उतरावं लागतं. वेलीचं बूड पायाच्या अंगठ्यात धरायचं आणि तळच्या गाळात दाबून द्यायचं. गोकुळाबाई शेंडे हे लग्न होऊन आमच्या गावात आल्यापासून करत आल्या. त्यांचा नवरा शालिकराम जाळं टाकायचा, वेल लावायलाही उतरायचा. पाण्यात उभं राहून राहून त्याचे गुडघे गेले, तेव्हापासून तो तलावाच्या पाळीवर, म्हणजे बांधावर, बसून जाळी विणतो आणि पाण्यातलं सगळं काम गोकुळाबाईच करतात.

सावली तालुक्यातलं आमचं गाव धानाचं. धानाला पाणी देणारा जुना मामा तलाव, मालगुजारांनी बांधलेला, गावाला लागूनच आहे. मच्छीमार संस्थेनं तो ठेक्यानं घेतलेला. पश्चिमेकडे मासोळी, पूर्वेकडे शिंगाडा. मी इथल्या शाळेत मराठी शिकवतो. शाळेच्या खिडकीतून पूर्वेचा भाग दिसतो. श्रावणात तिथं पाणी दिसतच नाही, नुसती हिरवी नक्षी दिसते. दातेरी पानांची गोल चक्रं एकमेकांना चिकटून पाण्यावर पसरलेली असतात आणि त्यांच्या खाली फळं धरू लागतात. नवरात्रात लोकांचे उपास सुरू झाले की गोकुळाबाईंसारख्या ढिवर, म्हणजे मासेमार समाजाच्या, बायांच्या टोपल्या बाजारात जातात.

त्या वर्षी तलावात जलपर्णी फार माजली. गणपती विसर्जनाच्या आधी तलाव साफ दिसला पाहिजे, असं सरपंच देवानंदभाऊंनी मनावर घेतलं. ते चांगलंच होतं. पण जलपर्णी हातानं काढायला वेळ लागतो, म्हणून सुनिल नावाच्या ठेकेदाराला काम दिलं. त्याची माणसं पाठीवर पंप बांधून नावेतून आली आणि एका दुपारी फवारून गेली. संस्थेला कुणी विचारलं नाही. दवंडी नाही, निरोपही नाही. वारा पश्चिमेकडून पूर्वेकडे वाहत होता आणि शिंगाड्याच्या कडेनं माजलेल्या जलपर्णीवरही त्यांनी मन लावून पंप मारला.

दुसऱ्या दिवशी गोकुळाबाई डोंगा, म्हणजे लहान होडी, घेऊन वेल चाळायला, पानं उलटून बघायला, गेल्या आणि तशाच परत आल्या. हातात एक चक्र उपटून आणलेलं होतं. त्याचे देठ पीळ दिल्यासारखे वळले होते. पानं पालथी झाली होती, खालची लाली वर आली होती.

"हे पायजा हो," त्या शालिकरामला म्हणाल्या. "वाळलं नाई, सडलं नाई. पीळ मारल्यावानी झालं. कोनता रोग हाय हा?"

शालिकरामनं हातात घेऊन पाहिलं. असला रोग त्यानंही पाहिला नव्हता.

आठवड्याभरात देठ बोटाएवढे सुजले, मग फुटले. मुळ्या नको तिथून झुपक्यानं फुटल्या. चक्रं पाण्यात बसू लागली, तळाला जाऊन कुजली. खालची कोवळी फळंही गेली. जलपर्णीही मेली, हे खरं. तलाव काळपट दिसू लागला आणि वास सुटला. त्यात गणपती बुडवले.

गोकुळाबाई सरपंचांकडे गेल्या. तिथं सुनिल ठेकेदार बसलेलाच होता. त्यानं चहाचा कप खाली न ठेवता उत्तर दिलं.

"ऊन पायलं का बाई औंदा? पाऊस गायब, वरून असं तापून राह्यलं. वेलीले सोसलं नाई. औषधाचा काय संबंध? त्याच तलावाचं पाणी धानाले जाते ना? धान पाय कसं हिरवंगार हाय! जहर असतं तर धान उभं राह्यलं असतं का?"

देवानंदभाऊ म्हणाले, "बरोबर हाय त्याचं."

गोकुळाबाई उठून घरी आल्या. धान खरंच हिरवंगार होतं. मला अजून राग येतो तो याचाच. एका बाईचं पीक डोळ्यांदेखत गेलं आणि तिचं तोंड बंद करायला त्यांनी दुसऱ्याचं चांगलं पीक वापरलं.

आमच्या गावाला तेव्हा कृषी सहायक होत्या दीपिका रामटेके, चिमूरकडच्या. त्या धानाचा तुडतुडा बघायला आल्या असताना गोकुळाबाईंनी त्यांना रस्त्यातच अडवलं आणि तलावावर नेलं. दीपिकाबाईंनी पिळलेला देठ उलटसुलट करून पाहिला. मग फवारणीवाल्यांनी पाळीखाली टाकलेला रिकामा डबा उचलून त्यावरचं नाव वाचलं.

"हा रोग नाही, गोकुळाबाई," त्या म्हणाल्या. "झाडाच्या अंगात वाढीचा एक रस असतो, संप्रेरक म्हणतात त्याला. शेंडा कुठं वळायचा, मुळी कुठं फुटायची, हे तो ठरवतो. झाड तो लागेल तेवढाच बनवतं आणि काम झालं की जिरवून टाकतं. ह्या डब्यातलं औषध म्हणजे त्या रसाची नक्कल. ती झाडाला लवकर जिरवता येत नाही. मग ते वाढतच सुटतं. एक बाजू जास्त वाढते म्हणून पीळ पडतो. देठ आतून फुटतात, अन्नपाणी नेणाऱ्या नळ्या दबतात आणि झाड उपाशी मरतं."

"म्हंजे जबरदस्तीनं वाढवून वाढवून मारलं?"

"हो."

"मंग धान काऊन नाई मेलं?"

"धान गवताच्या जातीचं. त्याला ही नक्कल फारशी लागत नाही, ते ती निकामी करून टाकतं. म्हणून तर धानातलं रुंद पानाचं तण मारायला हेच औषध वापरतात."

"अन् उनाचं? तो ऊन ऊन करून राह्यला."

"ऊन सोसेनासं झालं की झाड उलटं करतं. त्याच्यात दुसरा रस वाढतो, तो पानांची छिद्रं मिटवतो, वाढ थांबवतो. जुनी पानं गाळतं, जीव राखून बसतं. संकटात झाड स्वतःला आवरतं. तुमची वेल आवरलेली दिसते का?"

गोकुळाबाईंनी तो सुजलेला देठ पाहिला. मग ओंजळभर तलावाचं पाणी घेतलं आणि जोरानं फेकून दिलं.

ग्रामसभेत दीपिकाबाईंनी हेच सगळं सांगितलं. ठेकेदार हसला. "म्याडम, पुस्तकात शिंगाड्यालेबी तणच म्हनते. एक तण मारलं, दुसरं मेलं. त्यात काय एवढं?"

गोकुळाबाई उभ्या राहिल्या. त्या ग्रामसभेत ह्याआधी कधी बोललेल्या मला आठवत नाहीत.

"तण?" त्यांचा आवाज चिरकला. "त्या तणावर मी पोरी शिकवल्या. त्या तणापायी माया मानसाचे गुडघे गेले. तुले त्याचं मोल मालूम नाई म्हून ते तण झालं का? वेलीले कडक उनात थांबाचं समजते. तुमाले कुठी थांबाचं समजत नाई! अन् देवानंदभाऊ, तुमी बरोबर हाय म्हनलं. काय बरोबर होतं, सांगा आता सगळ्याईले."

सरपंचांनी विषय पुढच्या सभेवर ढकलला. त्या सभेआधीच फवारणीची नाव पुन्हा आली, कारण जलपर्णी पुन्हा फुटली होती. पूर्वेच्या कोपऱ्यात थोडी वेल अजून शाबूत होती. ढिवर बायांनी आपले डोंगे नावेसमोर आडवे लावले. गोकुळाबाई डोंग्यातून उतरून पाण्यातच उभ्या राहिल्या.

"मार पंप," त्या म्हणाल्या. "पह्यले माया आंगावर मार."

पंपवाली माणसं रोजंदारीची होती. त्यांनी एकमेकांकडे पाहिलं आणि नाव वळवली. ठेकेदार पाळीवरून शिव्या देत राहिला. शालिकराम काठी टेकत त्याच्यापाशी गेला आणि एवढंच म्हणाला, "बाया पाण्यात हायेत. तोंड सांभाळ."

शेवटी ठराव झाला: तलावात काहीही टाकायचं तर आधी संस्थेची संमती. जलपर्णी हातानं काढायचं काम त्याच बायांना मजुरीवर मिळालं. पण गेलेल्या शिंगाड्याचं काय, ह्याला पंचायत, तालुका, जिल्हा, कुणाकडंच उत्तर नव्हतं. नुकसानभरपाईत धान बसतं, कापूस बसतो, सोयाबीन बसतं. पाण्यावरची वेल कुठंच बसत नाही. ठेकेदाराला काही झालं नाही. उलट दीपिकाबाईंनाच वरून विचारणा झाली, की शिंगाडा तुमच्या कामात येतो का. "पीक आहे, म्हणून येतो," असं त्यांनी लिहून दिलं.

पुढच्या आषाढात गोकुळाबाईंनी सिंदेवाहीकडच्या नणंदेच्या गावाहून वेल आणली. सगळ्या भागाला पुरेल एवढी मिळाली नाही. निम्मं पाणी मोकळंच राहिलं. मी शाळा सुटल्यावर पाळीवर गेलो, तेव्हा त्या गळ्याएवढ्या पाण्यात एकेक वेल दाबत होत्या.

"लागेल ना?" मी विचारलं.

"लागंल नं, गुरुजी," त्या म्हणाल्या. "वेलीचं काय, तिचं मन साफ हाय." मग पाळीवरून जाणाऱ्या देवानंदभाऊंकडे त्यांनी पाहिलं. भाऊंनी हात वर केला. गोकुळाबाईंनी तोंड फिरवलं आणि पुढची वेल अंगठ्यात धरली.