बिनसाखर वकीलसाहेब

माझ्या यादीत चूक होत नाही. एकदाच झाली, ती दहा बाय आठ फुटांची होती आणि राजारामपुरीत आमच्या चौकात टांगलेली होती.

किराणा, औषधं, पाहुणे, सगळं माझ्या वहीत असतं. (आमचे हे विचारतात, "माझं नाव कुठल्या यादीत?" दुरुस्तीच्या.)

त्या दिवसांत एका नटाचा खटला गाजत होता. तो सेटवर शिवीगाळ करतो, असं एका नटीनं मुलाखतीत सांगितलं आणि त्यानं तिच्यावर अब्रुनुकसानीचा दावा ठोकला. न्यायाधीशांनी अजून कागदही उघडले नव्हते, पण फेसबुकवर रोज निकाल लागत होता. आमच्या महिला मंडळाच्या ग्रुपवर तर दुसरा विषयच नव्हता. बाकी गावांत लोक कॉमेंट करून गप्प बसतात. कोल्हापुरात मत असलं की त्याचा फ्लेक्स लागतो.

"ताई, तुम्ही एकट्या न्हाई, असं लिवायचं," शेजारच्या शोभाताई मगदूम म्हणाल्या. "आणि त्याला खोटारडा म्हणायचं. मोठ्या अक्षरात."

"खाली आपली नावं," मी म्हणाले. "यादी मी देते."

फ्लेक्स छापणारे सलीमभाई आमच्या ओळखीचे. त्यांचे वडील हातानं पाट्या रंगवायचे. शनिवारी मी त्यांना मजकूर फोनवर सांगितला, नावांसाठी वहीच्या पानाचा फोटो काढून पाठवला आणि कामावर बरोबरची खूण केली.

कारण त्याच वहीत त्याहून मोठं काम होतं. रविवारी अकराला गारगोटीहून पाहुणे येणार होते. आमची पल्लवी आणि निखिल एकमेकांना भेटून केव्हाच पसंत होते, फक्त थोरांनी बसून 'हो' म्हणायचं राहिलं होतं. तिनं मला बजावलं होतं, "आई, त्यांच्यासमोर वही काढायची नाही."

रविवारी साडेनऊला हार आणायला चौकात गेले आणि मान वर केली.

'ताई, तुम्ही एकट्या नाही! खोटारड्या नटाचा जाहीर निषेध!' इथपर्यंत उत्तम. खाली:

'अ‍ॅड. बाबासाहेब देसाई, गारगोटी (बिनसाखर)
सौ. देसाई (तिखट चालतं)
चि. निखिल (चष्मा, शांत वाटतो)
निखिलची आत्या (हिला जपून)'

मी मंडळाच्या यादीऐवजी शेजारचं पान पाठवलं होतं.

"मॅडम, पाठवलंसा तसंच छापलंय की," सलीमभाई फोनवर म्हणाले. "बिनसाखर बघून इचारणार होतो. पण माझ्या यादीला हात लावायचा न्हाई, असा तुम्हीच मागं दम दिलासा."

"आधी उतरवा ते!"

"शिडी आणि माणसं पन्हाळ्याला गेल्यात. दुपारी येत्यात."

खाली दहा-बारा जण मोबाइल वर धरून उभे होते. एक जण नटाच्या बाजूचा, एक नटीच्या, आणि बाकीचे आत्या कोण, यावर वाद घालत होते.

घरी आल्यावर ह्यांनी सुचवलं, "खालच्या नावांवर तुझी नऊवारी टाकू या का?" पल्लवी मात्र चिडली. "आई, ते वकील आहेत. चालू खटल्यातल्या माणसाला त्यांच्या नावानं खोटारडा म्हणालीस. आता कशाला होकार देतील ते?"

मी वही मिटून ठेवली.

मी पुन्हा चौकात गेले, तर तालमीचा टेम्पो येऊन थांबलेला. त्यांच्या दादांचा वाढदिवस, फ्लेक्स वीस फुटी. शिडीवरचा गडी बिचकत म्हणाला, "काकू, तुमचा झाकतोय. भांडणार न्हाईसा न्हवं?"

"नाही बाबा. अजून खाली घे."

"खाली घेतला तर दादांचं पाय गटारीत जात्यात की."

"जाऊ देत. घट्ट बांध."

"पावणं येणार हाईत व्हय?" तो म्हणाला आणि त्यानं खरंच घट्ट बांधला. त्या दादांना मी कधी पाहिलेलं नाही, पण त्या क्षणी माझं मत त्यांनाच होतं.

अकराला पाहुणे आले. पोहे झाले. मी चहाचा कप वकीलसाहेबांपुढे ठेवला.

"बिनसाखर ना?" त्यांनी विचारलं.

"हो," मी म्हणाले आणि जीभ चावली.

त्यांनी खिशातून मोबाइल काढून माझ्यापुढे धरला. चौकातला फ्लेक्स, अक्षर न् अक्षर वाचता येईल असा. "आमच्या गारगोटीच्या ग्रुपवर दहालाच आला. आम्ही वाटेत होतो."

पल्लवीनं डोळे मिटले. ह्यांनी पंख्याकडे पाहिलं.

"तीस वर्षं वकिली केली," साहेब म्हणाले, "पण कोल्हापुरात फ्लेक्स लागावा एवढी योग्यता आजवर कुणी मानली न्हवती. तेवढं खोटारडा म्हणायच्या आधी मला इचारायचं. माझ्या मते तो नट खरं बोलतोय." आणि ते असे हसले, की कपातला चहा बशीत आला.

"बरं झालं छापलं," सौ. देसाई म्हणाल्या. "आता तालुक्यात कोण ह्यांना चोरून पेढा देणार न्हाई."

माझा श्वास निम्मा सुटला. निम्मा आत्यांसाठी राखून ठेवला होता. त्यांनी पोह्यांची बशी सावकाश खाली ठेवली.

"मला जपून का, ते सांगा आधी."

"तुम्ही... घरात मोठ्या, म्हणून," मी म्हणाले.

"व्हय, हाय मी मोठी," आत्या म्हणाल्या. "मग पोरगी पसंत. जपून ऱ्हावा."

त्या खटल्याचं पुढं काय झालं, हे मंडळात कुणालाच ठाऊक नाही. लग्न मात्र गारगोटीला थाटात झालं. मांडवाच्या दारात व्याह्यांनी स्वागताचा मोठा फ्लेक्स लावला होता, दोन्हीकडच्या सगळ्यांच्या नावांचा. माझंही नाव होतं, अगदी शेवटी:

'वधूची आई (यादी दोनदा तपासावी)'.