लेकीकडचा वंश

हे मी बायकोलाही सांगितलेलं नाही — आणि तिला मी भाजीत मीठ जास्त झाल्याचंसुद्धा अभिनयासह सांगतो! जालन्यात मला कोण ओळखत नाही? गणपतीचा मंडप असो, कुणाचा निवृत्तीचा समारंभ असो, माईक माझ्याच हातात. तुम्हीही कुठे तरी ऐकलं असेल मला, हसलाही असाल. आज मात्र हसवायचं बळ नाही. बसा जरा.

माझे आजोबा भाट. अंबडकडच्या गावांतून फिरायचे, पाटलांच्या ओसरीवर बसून त्यांच्या पिढ्या म्हणायचे — हा याचा मुलगा, तो त्याचा मुलगा. त्यांच्याकडून मी दोन गोष्टी उचलल्या. म्हणताना नाव आठवलं नाही तर अडखळायचं नाही. एखादं भारदस्त नाव ठोकून द्यायचं आणि पुढे जायचं. आणि लेकी म्हणायच्या नाहीत. लेक परक्या घरची, तिची ओळ तिथेच संपली. मी भाट झालो नाही, जुन्या जालन्यात शाळेत इंग्रजी शिकवायला लागलो. पण जीभ? जीभ भाटाचीच राहिली.

गल्लोगल्ली पिवळे एसटीडी बूथ होते त्या काळात मार्था मॅडम आल्या. अमेरिकन, साठीच्या, पायात पांढरेशुभ्र बूट. गोरे लोक पहिल्यांदा जहाजांतून तिकडे जाऊन वसले, त्यांतलंच एक घराणं त्यांचं. त्या घराण्यातलं माणूस न् माणूस कुठे जन्मलं, कुठे मातीत गेलं, हे शोधत त्या फिरत होत्या. एकच धागा सुटला होता. इथे इंग्रजांची छावणी होती त्या काळी त्यांच्यातला एक तरुण पाद्री जालन्यात आला, आणि परत गेलाच नाही. त्याचं पुढे काय झालं? दुभाषा म्हणून लोकांनी अर्थातच मला पुढे केलं.

मी त्यांना जुन्या ख्रिस्ती कबरस्तानात नेलं. दगडांवरची अक्षरं कधीच पुसली गेली होती. मॅडम या दगडाकडून त्या दगडाकडे जात होत्या, चेहरा उतरत चालला होता. मला ते बघवेना — की गप्प राहणंच जमेना? एका दगडावर हात ठेवला आणि म्हणालो, हाच. पटकीच्या साथीत लोकांची सेवा करता करता गेला, बिचाऱ्याचं लग्नसुद्धा झालं नव्हतं. मॅडम रडल्या. आणि मला — खरं सांगू? — फार आनंद झाला. संध्याकाळी गावाने त्यांना शाल-श्रीफळ दिलं, तिथे मी हीच कथा पुन्हा सांगितली. या खेपेला पाद्रीच्या तोंडी शेवटचे शब्दही घातले. टाळ्या थांबेनात.

दुसऱ्या दिवशी त्या आमच्याकडे जेवायला आल्या. बोलता बोलता त्यांनी ताटातल्या भाताचा उंचवटा केला. म्हणाल्या, आमच्या पहिल्या पूर्वजांना तिथल्या मूळ रहिवाशांनी हे शिकवलं — मातीचा असा ढीग करायचा, मधोमध मका, मक्यावर चढायला वाल, खाली पसरायला भोपळा. आमच्यातलं कोणी कुठेही गेलं, तरी अंगणात हे लावतंच.

घास माझ्या तोंडातच राहिला. असा ढीग मी रोज बघत होतो. शाळेच्या वाटेवर, एस्तेरबाईंच्या अंगणात. ही एकटी ख्रिस्ती म्हातारी, दवाखान्यात आयाचं काम करून थकलेली. "म्हातारीने तिघांची सोय एकाच खोलीत लावलीय," हा विनोद गल्लीत मीच पसरवलेला.

मग बोललो का? कसा बोलणार? माझा पाद्री तर बिनलग्नाचा मेला होता — टाळ्यांच्या कडकडाटात.

मॅडम निघायच्या त्या सकाळी एस्तेरबाई माझ्या दारात. पदराखाली भोपळा.

"सर, त्या बाई पाद्रीसायबाच्या घरच्या हायेत म्हणं. माझ्या आईची आजी त्याची लेक. आई सांगून गेल्ती. मला काई नको. मागं-पुढं कोणी न्हाई मला... नुसतं तोंड बघू द्या एकदा."

मी म्हणालो, "मावशी, त्यांच्यात लेकीकडून वंश मोजत न्हाईत. त्या वळखायच्या न्हाईत तुम्हाला."

म्हातारी भांडली असती तर किती बरं झालं असतं!

"असं व्हय? मंग बराबर हाय. आपल्यातबी तसंच की. हा भोपळा तेवढा द्या त्यांना. नाव नका सांगू माझं."

भोपळा आमच्याच घरी शिजला.

स्टेशनकडे जाताना ऑटोत मॅडम मोकळेपणी बोलायला लागल्या. या घराण्याचं आडनाव मला कधीच नव्हतं, म्हणाल्या. मी आईच्या आईच्या आईकडून त्यांची. आमच्यात लेकींनीच सगळं जपलं. मग बाहेर बघत हळूच म्हणाल्या — माझ्यानंतर कोणी नाही. ऑटो तेव्हा एस्तेरबाईंच्या गल्लीच्या तोंडाशी होता. भिंतीवरून मक्याचे तुरे दिसत होते. "जरा थांब रे," एवढंच ऑटोवाल्याला म्हणायचं होतं. मी मॅडमना दुसऱ्या बाजूचं देऊळ दाखवलं.

पुढे कित्येक वर्षं एस्तेरबाई वाटेत भेटायच्या. "बाई बरी हाय ना, सर? भोपळा आवडला का तिला?"

"लई आवडला, मावशी."

काय हसायच्या त्यावर! आणि मी — एकदाही अडखळलो नाही.

त्या गेल्या तेव्हा कबरस्तानात चार शब्द बोलायला लोकांनी मलाच पुढे ढकललं. त्यांची जागा मी दाखवलेल्या त्या दगडापासून हाकेच्या अंतरावरच होती. मी घसा साफ केला. चांगलं बोललो, चांगलंच बोलतो मी. बायकांनी पदर डोळ्यांना लावले. शेवटी म्हणालो, बाईंना या जगात स्वतःचं असं कोणीच नव्हतं.

मार्था मॅडमनी पाठवलेलं नाताळचं कार्ड तेव्हा आमच्या घरी टीव्हीवर उभं होतं.