कुणालाच न सांगितलेला सीन

असल्या गोष्टींवर माझा काडीचाही विश्वास नाही. खोट्या गोष्टी रचून पोट भरणारा माणूस मी... दुसऱ्याची थाप मला लगेच कळते.

मी हैदराबादला राहून कमी बजेटचे मारधाडीचे हिंदी सिनेमे लिहितो. अकरा झाले. पडद्यावर नाव एकदाही नाही; लेखक म्हणून कधी डायरेक्टरचं, कधी त्याच्या मेहुण्याचं. आमच्यात स्क्रिप्ट वगैरे लाड नसतात. सकाळी सेटवर सीन तोंडी सांगायचा, दुपारपर्यंत शूट. कागदावर काही उरत नाही, त्यामुळं भांडायलाही तोंड नाही.

गेल्या सिनेमात मला एक सीन घालायचा होता. मार खाल्लेला हीरो उजवा हात बांधून घरी येतो. बाप काही विचारत नाही. डाळीत भाकरी कुस्करून ताट पुढं सरकवतो. बस. पण "हीरो घर जाता है" एवढं म्हणताच डायरेक्टर ओरडला, "बाप को छोड़ो, फाइट लाओ!" पुढचं माझ्या डोक्यातच राहिलं.

माझे अप्पा बसवकल्याणला बियाण्यांचं दुकान चालवतात. कॉलेज अर्धवट सोडून मी सिनेमात गेलो, तेव्हापासून नऊ वर्षं आमचं बोलणं बंद. हा सिनेमा तिथं लागला तेव्हा माझ्या थोरल्या बहिणीनं, अक्कानं, त्यांना सांगितलं की तो मी लिहिलाय. अप्पा दुपारच्या खेळाला एकटेच गेले. संध्याकाळी त्यांचा फोन — नऊ वर्षांनी!

"कामून सांगितला न्हाईस रे? तुझं नाव आलं की पडद्यावर. मधी माझं बी!"

मला वाटलं, टोमणा मारायलेत.

"आन् त्यो सीन... पोराचा उजवा हात बांधलाय, बाप डाळीत भाकर कुस्करून द्यायलाय. रडू आलं बघ मला. तू घरी ये."

तो सीन मी कुणालाच सांगितला नव्हता. दुसऱ्या दिवशी सकाळची बस धरली. दुपारी आम्ही दोघं शेजारी बसून सिनेमा बघितला. लेखक — डायरेक्टरचा मेहुणा. घर नाही, बाप नाही, थेट फाइट.

"काल होता," अप्पा पुटपुटले. "हितंच बसलो होतो मी."

रोज खोटं लिहिणारा मी... "आज कापला असंल" एवढं म्हणालो असतो तरी भागलं असतं. पण ते मेहुण्याचं नाव बघून डोकं फिरलं होतं.

"असा सीन झालाच न्हाई अप्पा. नाव बी न्हाई. भास झालाय तुम्हाला."

अप्पांनी मान हलवली. "व्हय. तुझं नाव कामून येईल म्हणा." आणि दुकानाकडं चालू लागले. त्यानंतर पुन्हा फोन नाही.

माझ्या डोक्यातला सीन त्यांना कसा दिसला, हे मला आजही सांगता येत नाही. पडद्यावर माझं नाव बघितलेला जगात एकच माणूस होता — आणि त्याला खोटं पाडायला मी बस पकडून गेलो.