कॅनीला मी रोमनांना जिंकवलं

९ फेब्रुवारी १९६४, रविवार. तेल-पाणी लावून वाळवलेली तूर मी ओसरीत जात्यावर भरडत होते. तोवर ही गोष्ट मी कुणाला सांगितली नव्हती. नंतर अर्धी सांगितली — चारचौघांत, मोठ्यानं. उरलेली अर्धी आजवर कुणालाच नाही. तीच जास्त लाजिरवाणी आहे.

मामाजी, म्हणजे माझे सासरे, अकोल्यात शाळेत इतिहास शिकवायचे. निवृत्त झाले तेव्हा विद्यार्थ्यांनी त्यांना एक जाडजूड इंग्रजी पुस्तक दिलं — रोमन सैन्य आणि त्याच्या लढाया. पण तोवर काचबिंदूनं त्यांचे डोळे गेले होते. पुस्तक जुन्या तऱ्हेचं. पानं कडेला एकमेकांना जोडलेली, सुरीनं सोडवत वाचायची. ती सोडवायची आणि वाचून मराठीत सांगायचं, हे काम माझ्याकडे आलं. मी अमरावतीची मॅट्रिक. ‘पोरीचं इंग्रजी फार चांगलं,’ असं वडिलांनी लग्नाच्या बोलणीत छाती फुगवून सांगितलं होतं. मीही ते खरं धरून चालले होते.

ही १९५७ सालची गोष्ट. रोज संध्याकाळी, चूल पेटवायच्या आधी, वाचन. सुरुवातीला मलाही गोडी लागली. दिवसभर चालून दमलेली फौज मुक्कामाला पोचली की आधी खंदक खणायची, मातीचा बांध घालायची, मग जेवायची. जागा रोज नवी, पण तंबूंची मांडणी तीच — अंधारातही ज्याला त्याला आपला तंबू सापडे. हे मला एकदम पटलं. माझे मिठा-तिखटाचे डबेही असेच जागेवर असतात. तसं म्हटल्यावर मामाजी हसले. “सूनबाई, तू शोभली असती रोमन फौजेत.”

मग वाक्यं लांबत गेली. शब्द अडू लागले. पदरात तान्हं मूल, दोन दिरांचे डबे, आणि समोर अर्धं पान खाणारं एकच वाक्य. ‘मला येत नाही’ म्हणायला काय झालं होतं? — झालं होतं. वडिलांची ती फुगवलेली छाती आठवायची. मग जिथे अडे तिथली पानं मी सोडवायचीच नाही. मधलं मनानं जुळवायचं. रोमन पुढे सरले, शत्रू पळाला, रोमन जिंकले. जिंकले की लढाई लवकर संपते.

कॅनी गावाजवळच्या लढाईतही मी त्यांना जिंकवलं.

मामाजींनी नेमके तेव्हा दोन्ही हात वर केले होते, तळवे उघडे, काहीतरी दाखवायला. ते तसेच थांबले.

“मले त आठवते का तिथं रोमन हरले होते. हॅनिबलनं घेरलं होतं त्याइले.”

“पुस्तकात असंच लिहेलं हाय, मामाजी.”

हात हळूहळू मांडीवर आले. छापलेल्या शब्दापुढे त्यांनी जन्मात कधी आवाज चढवला नव्हता.

समोर वकीलसाहेबांचा ओटा होता. सकाळी तिथे सगळे निवृत्त लोक जमायचे. दुसऱ्या दिवशी मी दारात पाणी भरत होते आणि मामाजी तिथे माझी बाजू लढवत होते — कॅनीला रोमन जिंकले, पुस्तकात आहे म्हणून. वकीलसाहेब म्हणाले, “रोमन जिंकले? मंग हॅनिबल इटलीत काय घास कापाले आलता का, मास्तर?” ओटा खदखदून हसला. मी घागर उचलली आणि आत गेले.

त्या आठवड्यात मामाजींनी ओटा सोडला. वाचनही. “राहू दे आता. माह्या ध्यानात राहत नाही.” आज बुधवारच ना, हे दोनदोनदा विचारू लागले. गल्लीत बोललं जाऊ लागलं — मास्तर चळले.

आता उरलेली अर्धी. मी भीतीनं गप्प बसले असं तुम्हाला वाटेल. भीती होती, पण थोडे दिवस. नंतर मला बरं वाटू लागलं. संध्याकाळ मोकळी झाली. आणि — हे लिहिताना हात थांबतो — मी त्याचा वापर करू लागले. निरोप मी विसरायची, आणि म्हणायची, ‘मामाजींना सांगितला होता, त्यांच्या ध्यानात नसेल.’ किल्ली मी हरवायची, नाव त्यांचं. ते मान डोलवायचे. एकदा नव्हे, सात वर्षं. शहाण्या माणसाला मी चळलेला ठरू दिलं, कारण ते मला सोयीचं होतं.

तर त्या रविवारी मी डाळ भरडत होते. माझी थोरली, सुमन, मॅट्रिकला बसायची होती. तिनं आजोबांना पानिपताबद्दल काहीतरी विचारलं. जन्मभर शिकवलेलं पानिपत! मामाजी म्हणाले, “मले काहून विचारतं, पोरी? माह्यं डोस्कं आता भरोशाचं नाही. तुया मायले विचार. तिनं पुस्तकं वाचेल हायेत.”

माझा हात खुंट्यावरच राहिला. त्या आवाजात कुरकुर नव्हती. खरोखरच तसं मानत होते ते.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी पुस्तक काढलं, सुरी घेतली आणि त्यांच्या खाटेपाशी बसले. म्हटलं, “मामाजी, कॅनीची पानं मी सोडवलीच नव्हती. हरले होते रोमन. तुमी बरोबर होते.” मी पानं सोडवली. सुमनला डिक्शनरी धरायला लावली आणि शब्दाला शब्द लावत वाचू लागले. पहिलं वाक्य पुरं व्हायच्या आत मामाजींचे हात वर आले. “मधली फळी मागं सरते. रोमन आत घुसतात. अन् मंग —” दोन्ही तळवे हळूहळू मिटले. पुढच्या पानावर तसंच होतं.

खाटेवरून पाय खाली सोडत ते म्हणाले, “काठी दे.”

मी काठी दिली, पदर डोक्यावर घेतला आणि त्यांचा हात धरून समोर गेले. त्या ओट्यापाशी मी आजवर कधी उभी राहिले नव्हते. सगळ्यांसमोर सांगितलं — पानं गाळली मी, हरलेल्यांना जिंकवलं मी, मास्तरांचं डोकं शाबूत आहे. किल्ल्यांचं आणि निरोपांचं नाही सांगितलं. ते इथे सांगितलं.

वकीलसाहेब सरकून बसले. “या मास्तर. घेरलं कसं ते दाखवा आमाले.”

सुमन इतिहासाचं पुस्तक घेऊन माझ्यामागे आली होती, ती तिथेच आजोबांजवळ टेकली. मी घरी आले. जात्यात कालची तूर तशीच होती. ती भरडायला बसले.