सहावी मुलगी

कॉलेजच्या क्रॉसकंट्रीच्या टीमला सहा मुली लागत होत्या आणि पाचच मिळाल्या होत्या. टीमची कॅप्टन माझी सख्खी ताई. त्यामुळे सहावी कोण, हे मला न विचारताच ठरलं.

"जिंकायचं नाहीये गं तुला, फक्त पोचायचंय," ती म्हणाली. जसं काही पोचणं फुकट मिळतं!

शर्यत पवईला, तलावाकडेच्या रस्त्यावर. ऑक्टोबरचं ऊन सकाळी साडेआठलाच डांबर तापवत होतं. पहिली दहा मिनिटं वाटलं, जमतंय की! मग चढ लागला. उजव्या बरगडीखाली दाभण खुपसल्यासारखी कळ आली. तोंडात गंजक्या खिळ्याची चव. कानांत ठोके इतके घणघणत होते की मागच्या ट्रकचा हॉर्नही मला उशिरा ऐकू आला. ताईचे जुने कॅनव्हासचे बूट, एक नंबर मोठे, टाचेची साल काढत होते. त्यात आमचे सर सायकलवरून शेजारून ओरडत होते, "नाकाने श्वास घे, नाकाने!" स्वतः पेडल मारायचेसुद्धा कष्ट नाहीत, चढ संपून उतार लागला होता ना!

शेवटी चुन्याची रेघ दिसली. ती ओलांडून मी रस्त्यातच बसकण मारली.

"अगं, ही स्टार्टची रेघ! फिनिश पुढे, त्या झाडापाशी!" कधीच पोचलेली ताई धावत आली. हात लावला तर टीम बाद, म्हणून दोन्ही हात पाठीमागे बांधून ती माझ्यावर खेकसत होती. "ऊठ!"

"नाही उठणार. पाय माझे नाहीत आता."

"सहाही जणी पोचल्या पाहिजेत यार, वाट लागेल आपली!"

रागाने मला रडू फुटलं. नाक पुसत, तिला शिव्या घालत मी झाडापर्यंत चालत गेले. तिथे टेबल आवरायला घेतलं होतं. आमची टीम चौथी आली. बक्षिसं तीनच होती.

दुसऱ्या दिवशी घाटकोपरच्या आमच्या चाळीचा जिना मी कठडा धरून उलटी उतरले, कारण मांड्या सरळ उतरू देईनात. शेजारच्या काकू बघतच राहिल्या. ताई मात्र दोन-दोन पायऱ्या उतरत शेजारून गेली. "थोडं पळून ये, मोकळे होतील पाय," म्हणाली.

दोन दिवस मी तिच्याशी बोलले नाही. तिसऱ्या दिवशी ती माझी टाच मांडीवर घेऊन हळद लावायला बसली, तेव्हा नाइलाज झाला.